आग थांबली तेव्हा

भाचीचा फोन आला तेव्हा मी जळगावहून धुळ्याच्या गाडीतच बसलो होतो. "मामा, सावकाश या," एवढंच ती म्हणाली... आणि मला कळलं, अक्का गेली.

अक्का माझी थोरली बहीण. शुगर तिला बरीच वर्षं होती, पण तिचं खरं भांडण पायांशी. तळव्यांची नुसती आग व्हायची, चादर लागलेलीसुद्धा सोसवायची नाही. खाटेशेजारी पितळी परातीत पाणी भरून त्यात पाय सोडून बसायची आणि आल्यागेल्याशी गप्पा तिथूनच. या घरात पाहुण्यांऐवजी यजमानीणच पाय धुते, असं मी चिडवायचो. गोळ्या ती घ्यायची आणि शेवयांची खीरही सोडायची नाही. शेवटी ती नवस बोलली. आग थांबू दे, धुळ्यातल्याच एकवीरादेवीला अनवाणी येईन.

होळीनंतर तिचा फोन आला. "भाऊ, आग बठ्ठी गयी. देवीनी मनं ऐकं." आग पार गेली म्हणून आम्ही सगळेच हरखलो. मी पेढे घेऊन गेलो आणि शुगर आहे म्हणून तिला अर्धाच दिला, एवढी आमची अक्कल!

चैत्रात ती नवस फेडायला निघाली. धुळ्याचं ऊन, मऊ पडलेलं डांबर. बरोबरच्या बायका सावली शोधत, पाय उचलत चालत होत्या, अक्का मात्र भर रस्त्यातून ताठ. भाची चप्पल घाल म्हणून मागे लागली, तर म्हणाली, काही लागतच नाही गं. तिला ती देवीची कृपा वाटली. देवळाच्या पायरीवर ओले ठसे उमटले, तेव्हा भाचीला दिसलं की तळव्यांची सालं निघाली आहेत.

जखमा चिघळल्या. आधी बोटं काढली, मग पाय. डॉक्टर म्हणाले, "आग होत होती, तोवर नसा जिवंत होत्या." ज्याचे आम्ही पेढे खाल्ले, ते पायांचं मरण होतं. यातून काही शिकावं म्हणाल, तर मला तसं काहीच सापडलेलं नाही. देवीवर रागवावं, तर जे मागितलं तेच मिळालं होतं. अंगात विष भिनलं तरी अक्का विचारत राहिली, "नवस ते फेडा ना मी?" हो, फेडलास, असं आम्ही म्हणत राहिलो.

परवा पुन्हा धुळ्याला गेलो, तर परात खाटेखालीच होती. भाचीला ती उचलवत नाही. ती चहा ठेवायला आत गेली, तसं मी परातीत पाणी ओतलं आणि पाय सोडून बसलो. पाणी गार लागलं... आणि ते मला सोसवेना.