भिंत गेली, संत्री राहिली

दुरुस्तीच्या दुकानात एक खण असतोच, ज्यात कुठल्या मशीनचे ते आता कुणालाच सांगता येणार नाही असे स्क्रू पडलेले असतात. टाकून देववत नाहीत आणि कामालाही येत नाहीत. किस्स्यांचं तसंच होतं. मी काही ते जमवायला बसले नव्हते. नागपूरच्या नंदनवन भागात आमचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे. मी आणि प्रफुल्ल, माझा कॉलेजातला वर्गमित्र, दोघं मिळून चालवतो. आधी लोक बंद पडलेले कॉम्प्युटर आणायचे. मग तो ठोकळ्यांचा गेम घरोघरी पोचला आणि लोक चांगले चालू असलेले कॉम्प्युटर उचलून आणायला लागले!

गेम साधा आहे. ठोकळ्यावर ठोकळा ठेवायचा आणि हवं ते जग बांधायचं. जिंकणं नाही, हरणं नाही. पण आपल्या लोकांचं साध्यात भागत नाही, म्हणून ते मॉड टाकतात. मॉड म्हणजे बाहेरच्या हौशी लोकांनी त्या गेमला लावलेली ठिगळं. एक मॉड झाडांना खरीखुरी पानं देतो, दुसरा पाण्यात ढग दाखवतो, तिसरा भिंतीवर ऊन पाडतो. एकेकटे सगळे गुणी असतात. एकत्र आले की भांडतात, आणि मग कुठे आकाश गायब, तर कुठे गाईला डोकंच नाही.

प्रफुल्लकडे यावर एकच औषध आहे. "अर्धे काढ." अर्धे मॉड काढायचे आणि गेम लावून पाहायचा. बिघाड गेला तर चोर काढलेल्यांत, नाही गेला तर राहिलेल्यांत. मग पुन्हा अर्धे. असं करत शेवटी चोर हाती लागतो. त्याची बायको सांगते की तो घरी कपाट आवरायलाही असाच बसतो आणि संध्याकाळपर्यंत अर्धं घर बाहेर असतं.

*

एका दुपारी एक मावशी ऑटोतून उतरल्या. हातात साडीत गुंडाळलेला नुसता मॉनिटर. काउंटरवर ठेवून म्हणाल्या, "याचा रंग बिघडला. घरं, झाडं, सगळं जांभळं-काळं दिसून राहिलं. चौकडीची लुंगी नेसवल्यासारखं!"

आम्हाला लगेच कळलं. एखाद्या मॉडला चित्र सापडलं नाही की हा गेम तिथे जांभळे-काळे चौकोन दाखवतो. प्रफुल्लने तरी मॉनिटर जोडून दाखवला. उत्तम चालत होता.

"मावशी, बिमारी याच्यात नाही. घरी जो सीपीयूचा डबा राहिला ना, त्याच्यात आहे."

"डब्यात आहे, तं मंग तोंडावर काहून दिसते?"

प्रफुल्लने माझ्याकडे पाहिलं. मी कीबोर्ड पुसायला घेतला.

*

मेश्राम काका आमचे नेहमीचे. सरकारी खात्यात चाळीस वर्षं इमारतींचे नकाशे काढून निवृत्त झालेले. जवळच त्यांचा प्लॉट आहे, प्लॉटवर दोन जुन्या खोल्या आणि त्या पाडून बांधायच्या घराचे अकरा नकाशे. अकराच्या अकरा काकूंनी नापास केलेले. "मले कागदावर काही समजत नाई. रेघाच रेघा!" एवढंच त्या म्हणत. काकूंनी हो म्हटल्याशिवाय पायाला हात लावायचा नाही, हे काकांनीच ठरवलेलं.

"मी अडुसष्टचा झालो वं वैशाली," ते मला म्हणायचे. "घर बांधल्यावर काही वर्षं राहाले तर पायजे ना त्याच्यात!" आणि हसायचे, पण ते हसू काही पुरतं येत नसे.

शेवटी पुण्याच्या मुलाने त्यांना हा गेम लावून दिला. आता काकूंना घर कागदावर न दाखवता गेममध्ये आतून फिरवून दाखवायचं, असा बेत. काकांनी मापासकट घर उभं केलं, वर उन्हाचा मॉड टाकला आणि तिसऱ्या दिवशी डबा घेऊन हजर!

"उत्तरेच्या खिडकीतून दुपारभर ऊन येऊन राहिलं गा प्रफुल्ल. हिनं पाह्यलं तं म्हणन, चाळीस वर्षं नकाशे काढले अन् यायले दिशाही नाई समजत."

बिघाड असा नव्हताच. मॉड बनवणाऱ्याने सूर्य आपल्या मर्जीने कलता ठेवला होता. प्रफुल्लने सेटिंग शोधून तो दुसऱ्या बाजूला कलवला. काकांनी फोनवर होकायंत्र काढलं, दुकानाच्या दारात जाऊन खऱ्या सूर्याकडे पाहिलं, आत येऊन खोट्या सूर्याकडे पाहिलं. असे तीन फेरे झाले.

"हां. आता नागपूरचा वाटते," ते म्हणाले. "याच्यात मे महिना करता येते का?"

"काका, त्याच्यासाठी मॉड कशाले? तापलेल्या शटरपाशी उभे राहा!" प्रफुल्ल म्हणाला.

*

नरखेड तालुक्यातून धनराजभाऊंचा फोन येतो. त्यांची संत्र्याची बाग आहे, आणि बागेतलं काम आटोपलं की ते घरी बसून गेममध्येही संत्र्याचीच बाग लावतात. मी एकदा विचारलं होतं, काहून? म्हणाले, "इथं पाणी कमी पडत नाई."

तर फोन आला. "ताई, झाडं गेले."

"कुठली? खरी की गेममधली?" हे विचारूनच घ्यावं लागतं.

"गेमातले. तीनशे झाडं दिसत नाई. संत्री मात्र जागच्या जागी लटकून राहिले!"

त्यांनी व्हिडिओ कॉल करून स्क्रीन दाखवली. मोकळं रान आणि माणसाच्या डोक्याच्या उंचीवर हवेत रांगेने संत्री. खोडाचा मॉड आणि पानांचा मॉड एकमेकांवर उठले होते, संत्र्यांचा मॉड तेवढा शाबूत. फोनवर सांगून-सांगून आम्ही अर्धे काढले, मग त्यातले अर्धे, आणि अर्ध्या तासात झाडं परत आली.

मी म्हटलं, "फार घाबरलात का हो?"

"घाबराचं काय त्याच्यात? आमच्या बागेत फळगळ झाली की झाडं उभे राहतेत अन् संत्री खाली. इथं झाडं गेले अन् संत्री वर! म्हटलं, असा बिघाड आपल्या इकडं काहून नाई येत?"

*

आमच्या धंद्यात एक प्रश्न असा आहे, ज्याचं खरं उत्तर आजवर कुणी पहिल्यांदा दिलेलं नाही. "काल काही नवीन टाकलं होतं का?" सगळे म्हणतात, "काहीच नाही."

रामदासपेठेतले एक दातांचे डॉक्टर आहेत. दोन पेशंटच्या मधे पाच मिनिटं मिळाली की ठोकळे रचतात. त्यांचा फोन आला, आवाज अगदी हळू. "गावातल्या सगळ्या लोकांचे चेहरे गेले हो. नुसते डोळे आणि दात फिरतायत!"

"डॉक्टर, काल काही टाकलं होतं?"

"काहीच नाही."

फोन स्पीकरवर होता. प्रफुल्लने मागूनच विचारलं, "डॉक्टरसाहेब, पेशंटले तुम्ही विचारता ना, गोड खाता का म्हणून? तं काय सांगतेत?"

पलीकडून दार लावल्याचा आवाज आला.

"अकरा टाकले होते," डॉक्टर म्हणाले.

*

प्रफुल्लची फजिती सांगितली नाही तर तो म्हणेल, फक्त गिऱ्हाइकांवर हसते. म्हणून हा किस्सा.

कॉलेजात शिकवणाऱ्या एक मॅडम लॅपटॉप देऊन गेल्या. तक्रार अशी, की आकाशात एक लाल ठिपका आहे आणि कुठेही वळलं तरी तो समोरच येतो. प्रफुल्ल खूश झाला. त्याला असलंच आवडतं. म्हणाला, हा सूर्याच्या मॉडचा घोळ आहे. नंतर म्हणाला, नाही, चंद्राच्या.

साठ मॉड होते. अर्धे काढले, ठिपका तिथेच. उरलेल्यांतले अर्धे काढले, तिथेच. दुपारचा चहा झाला आणि पंधरा उरले, मग सात, मग तीन. शेवटी एकही मॉड उरला नाही, तरी ठिपका तिथेच! त्याने गेमच काढून टाकला. रिकाम्या निळ्या स्क्रीनवर ठिपका.

"ग्राफिक्स कार्ड गेलं," तो पडेल आवाजात म्हणाला.

मी जवळ जाऊन पाहिलं आणि नखाने ती टिकली काढली.

मॅडम संध्याकाळी आल्या. मी लॅपटॉप दिला आणि टिकली वहीच्या पानाला चिकटवून दिली. "अय्या! ही तर मी दोन दिवसांपासून शोधून राहिली होती," त्या म्हणाल्या, आणि तिथल्या तिथे कपाळाला लावून निघून गेल्या. प्रफुल्ल साठ मॉड परत टाकत बसला होता.

*

आता मेश्राम काकांचं घर.

एका सोमवारी सकाळी काका डबा कवेत धरून आले. चेहरा उतरलेला. आदल्या दिवशी काकू पहिल्यांदा कॉम्प्युटरपुढे बसल्या होत्या. काकांनी त्यांना गेटातून आत नेलं, हॉल दाखवला, खोली दाखवली, स्वयंपाकघरात आणलं, आणि तिथे हॉलकडची भिंतच नव्हती!

"म्हणजे आहे. पुढं जाऊ म्हटलं तं अडते. पण दिसत नाई!"

"काकू काय म्हणाल्या?"

"काहीच नाई. लय वेळ पाहत राह्यली. मलेच लाज वाटली, मी मशीन बंद केलं."

काचेचा मॉड शनिवारी रात्री आपोआप नवा झाला होता आणि उन्हाच्या मॉडशी त्याचं बिनसलं होतं. प्रफुल्लने काचेचा काढला. भिंत टाइल्ससकट परत आली. काका खुशीत घरी गेले.

बुधवारी ते पुन्हा आले. पुन्हा डबा कवेत, आणि या वेळी बरोबर काकू.

"काय झालं काका?"

"भिंत दिसून राहिली."

"मग चांगलंच झालं की!"

"काय चांगलं? हिनं नापास केलं. बारावा!"

काकू स्टुलावर बसल्या. पदराने चष्मा पुसत म्हणाल्या, "रविवारी चांगलं होतं ते." मग माझ्याकडे वळल्या. "तीस वर्षं झाले वं, मी भिंतीकडं तोंड करून पोळ्या करून राहिली. घरात कोण आलं, कोण गेलं, मले चपलांच्या आवाजावरून समजते. रविवारी तिथं गॅसपाशी उभी राह्यली, तं थेट गेट दिसलं."

काका काकूंकडे वळले. "मंग अकरा वेळा सांगतलं काहून नाई?"

"मले कुठं माहीत होतं, भिंत नसली तरी चालते म्हणून!"

मला त्या दोघांचंही वाईट वाटलं. प्रफुल्लने मात्र डबा जोडला, गेम लावला आणि म्हणाला, "काका, सोपं आहे. ती भिंत फोडून टाका. माउस दाबून धरला की ठोकळा फुटते. दोन मिनिटांचं काम."

काकांनी माउसवर हात ठेवला. बराच वेळ ठेवला. मग उचलला.

"माह्या हातून नाई होत गा. त्या भिंतीवर बीम आहे. भिंत काढली तं स्लॅब कशावर ठेवू?"

"काका, गेममध्ये काही पडत नाही. ठोकळे हवेत राहतेत!"

"ते तू मले नको सांगू. चाळीस वर्षं भार पाहून भिंती मांडल्या मी." काका प्रफुल्लच्या अगदी जवळ गेले. "तू एक काम कर. रविवारचा बिघाड होता ना, तो परत आणून दे. भिंत बी राहीन, अन् हिले दिसणार बी नाई."

इतक्या वर्षांत आम्हाला कुणी बिघडवून मागितलं नव्हतं. काकू स्टुलावरून उठल्या.

"सरका," त्या काकांना म्हणाल्या. "कोणतं बटन?"

प्रफुल्लने दाखवलं. काकूंनी माउस दाबून धरला. पहिला ठोकळा फुटला तो नेमका बीमखालचा. काकांनी डोळे मिटले. ठक, ठक, ठक. एकेक करून सगळी भिंत गेली. वरचा स्लॅब होता तिथेच राहिला. समोर हॉल, हॉलचं दार आणि दारापलीकडे गेट.

"पडलं का काही?" काकूंनी विचारलं.

काकांनी एक डोळा उघडला. मग दुसरा. स्क्रीनजवळ तोंड नेऊन त्यांनी बीम या टोकापासून त्या टोकापर्यंत पाहिला. मग खिशातली पेन्सिल काढली, काउंटरवरचा कीबोर्डचा रिकामा खोका उलटा केला आणि त्यावर दोन रेघा मारल्या.

"इथं एक खांब द्या लागन," ते हळूच म्हणाले. "अन् इथं एक."

काकूंनी माउसवरचा हात न काढता खोक्याकडे पाहिलं.

"बारीक द्या. गेटाच्या मधात आला, तं तो बी फोडीन!"