धर्मराजचं 'येतो'

धर्मराज गजभिये मूळचा नागपूरचा वकील. आईला "येतो" म्हणून निघाला तो थेट न्यू जर्सीत, पार्सिपनीला पोचला. इथे त्याच्या नागपूरच्या सनदेला कुणी हिंग लावूनही विचारेना, तेव्हा गडी पुन्हा पहिल्यापासून कायदा शिकला. भाडेकरूंच्या केसेस लढत त्यानं नाव काढलं आणि सत्त्याऐंशी साली राज्याच्या विधानसभेलाच उभा राहिला.

प्रचार सगळा पायी. दारोदार जायचं, बेल वाजवायची, गोड बोलायचं. लोकही बरे वागायचे. पण बायको मीरा फोनवर मतदारांशी बोलायची, तिला भलतंच ऐकू येऊ लागलं. तुमचा माणूस येतो म्हणाला आणि आलाच नाही, अशी घरोघरी तक्रार. विरोधकांनीही ते उचललं, की हा वकील शब्द पाळत नाही. नाव धर्मराज आणि शब्दाचा खोटा, हे बिचाऱ्याच्या फार जिव्हारी लागलं. एवढ्या वर्षांत त्यानं कमावलं होतं ते शब्दावरच, आणि आता तोच बुडाला तर सीटही बुडणार होती.

छडा लावला मीरानंच. एका दुपारी ती त्याच्यासोबत फिरली. पहिल्याच दाराशी निघताना धर्मराजनं हात जोडले आणि अदबीनं म्हणाला, "ओके, आय विल कम."

मीरानं कपाळावर हात मारला. "अहो, हे आपलं 'येतो' झालं. इथे असं म्हटलं की लोक खरोखर वाट बघतात."

'जातो' म्हणू नये, हे त्याच्या हाडीमाशी मुरलेलं. पण चूक कळल्यावर त्यानं सबबी सांगितल्या नाहीत. ज्या ज्या दारी ते बोलला होता, त्या त्या दारी परत गेला. म्हाताऱ्या नोवाकबाईंनी तर त्याच्यासाठी केक करून तो शेवटी एकटीनंच संपवला होता. त्यांनी त्याला आधी झापलं, मग पुन्हा केक केला. नोव्हेंबरात धर्मराज निवडून आला, अगदी थोडक्या मतांनी.

शपथ घेण्याआधी तो कितीतरी वर्षांनी नागपूरला गेला. आईला, गिरजाबाईला, त्यानं ही सगळी गंमत रंगवून सांगितली. म्हातारी पदर तोंडाला लावून हसली. निघायच्या दिवशी तो बॅग उचलून पाया पडला आणि सवयीनं म्हणाला, "आई, येतो."

"या खेपेला जातो म्हण, बाबू," गिरजाबाई शांतपणे म्हणाली. "म्हणजे मी वाट पाहणार नाही."

विधानसभेत बोलायला निवडून दिलेल्या त्या माणसाच्या तोंडून तो एक शब्द फुटेना. त्यानं बॅग खाली ठेवली आणि तो आईजवळ उंबऱ्यावर बसून राहिला.