रघु परबांनी घातलेलं गाऱ्हाणं

परळच्या चाळीखाली अकरा दुकानं होती आणि कोपऱ्यावर रघु परबांची पिठाची गिरणी. चाळीत काही शुभकार्य निघालं की देवाला गाऱ्हाणं घालायला रघुदादाच लागत. नारळ हातात धरून ते देवाला हाक मारत आणि त्यांच्या प्रत्येक मागणीला सगळे एका सुरात म्हणत, "व्हय म्हाराजा!"

हितेंद्रशेठांच्या घराण्याला त्या जागेवर मॉल बांधायचा होता. शेठ जागा हेरत, त्यांचा भाऊ परवानग्या आणे, मुलगा सौमित्र गाळे विके. दुकानदार मात्र सह्या देईनात. शेवटी शेठ स्वतः चाळीच्या देवळात आले.

"परबदादा, सगळ्यांना रस्त्याकडेचेच गाळे देणार. देवासमोर सांगतोय. घाला गाऱ्हाण्यात."

"दादानु, कागदार लिवून घेवया मा?" लक्ष्मी हारवाली पुटपुटली.

"गाऱ्हाण्यात घातलेलो शब्द कोण मोडता गो?" रघुदादा हसले. त्यांनी गाऱ्हाणं घातलं. दुसऱ्या दिवशी रघुदादांच्या मागोमाग अकराही जणांनी सह्या केल्या.

चार वर्षांनी चाव्या मिळाल्या. गाळे दुसऱ्या तळघरात होते, पार्किंगच्या खांबांमागे. पिठाची गिरणी तर मॉलमध्ये नकोच, धूळ उडते, असं शेठच्या माणसांनी सांगितलं.

रघुदादा शेठच्या ऑफिसात गेले. सौमित्रने चहा मागवला.

"काका, करारात 'मॉलमधला गाळा' एवढंच आहे. रस्त्याकडेचा असं कुठेच नाही."

"शेठ देवासमोर बोललेत."

"पप्पा फार देवभोळे आहेत हो," तो कौतुकाने म्हणाला.

त्या दिवसापासून चाळकऱ्यांनी रघुदादांशी बोलणं टाकलं. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. लक्ष्मीचे हार मॉलचं सामान आणणाऱ्या गाड्यांच्या धुरात काळवंडत. रघुदादा समोरून आले की ती खाली मान घालून सुई ओवत बसे.

उद्घाटनाला शेठने पुन्हा त्यांनाच बोलावलं. घरच्यांनी नको म्हटलं तरी ते गेले. अकराही जण एकत्र उभे असतील आणि त्यांचं ऐकून घेतील, अशी दुसरी जागा त्यांना उरली नव्हती.

मॉलच्या दारात त्यांनी नारळ उचलला.

"बा देवा म्हाराजा, हितेंद्रशेठाच्या ह्या मॉलाक बरकत दी रे म्हाराजा!"

शेठच्या घरची माणसं आणि गणवेशातल्या चार मुली म्हणाल्या, "व्हय म्हाराजा." अकरा तोंडं बंदच राहिली.

रघुदादांनी नारळ छातीशी घट्ट धरला.

"बा देवा म्हाराजा, ज्येच्या शब्दार ह्या अकरा जणांनी सह्यो केल्यो, त्या रघु परबाचा वाटोळा कर रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

अकराही जण एका सुरात ओरडले. सगळ्यांत मोठा आवाज लक्ष्मीचा होता.

रघुदादांनी नारळ वाढवला. एकाच घावात त्याची दोन सारखी भकलं झाली, आणि शेठच्या घरच्यांनी टाळ्या वाजवल्या.