मायक्रोमास्तर

आमटीत मीठ कमी पडलं तरी आमचे मायक्रोमास्तर ते मायक्रोत सांगायचे. "अगो, मायक्रोभर कमी आसा," म्हणत ताट पुढे सरकवायचे, आणि त्यांची बायको, म्हणजे आमच्या काकी, हसू दाबत चिमूटभर मीठ टाकायच्या. मुख्याध्यापकांची अक्कल मायक्रोभर, माझा धीर मायक्रोभर आणि कणकवलीहून येणारी एसटीसुद्धा मायक्रोभर उशिरा. ही एसटी चांगली दोन-दोन तास उशिरा यायची, ती गोष्ट वेगळी! त्यांना खऱ्या नावानं हाक मारणारं पंचक्रोशीत कुणी उरलं नव्हतं. मीही आधी पाठीमागे आणि मग तोंडावर मायक्रोमास्तरच म्हणू लागले. त्यांना ते मनापासून आवडायचं.

मी सांगलीकडची. आई लहानपणीच गेलेली. ऐंशी सालानंतर केव्हातरी मालवणजवळच्या किनाऱ्यावरच्या त्या गावात मराठी शिकवायला आले, तेव्हा बिऱ्हाडाला मास्तरांच्या घराची बाजूची खोली मिळाली. पहिल्याच आठवड्यात काकींनी माझा स्टोव्ह उचलून माळ्यावर टाकला आणि सांगितलं, "चेडवा, एकट्यापुरता काय शिजवतंस? हयसरच जेव." झालं, संपलं माझं बिऱ्हाड. त्या घरातल्या माशाच्या कढीची आठवण आली की अजून माझा जीव कासावीस होतो, आणि तशी कढी मला आजतागायत जमलेली नाही.

मास्तर विज्ञान शिकवायचे. वर्गात शुद्ध मराठी, पण विजेचा धडा आला की शुद्ध मराठी खिडकीतून बाहेर. "एक अँपिअर घेवा. तेचे हजार वाटे करा. तेतलो एक वाटो उचला नि तेचे परत हजार करा. ह्यो मायक्रोअँपिअर!" मग ते फळ्यावर त्याची खूण काढायचे, ग्रीक म्यू, लांब शेपटीचा. शंभर वॅटच्या दिव्यातून असले चार लाखांवर मायक्रोअँपिअर वाहतात, हे सांगताना त्यांचा आवाज असा बारीक व्हायचा, की मागच्या बाकावरची पोरंही गप्प बसून ऐकायची.

असला बारीक प्रवाह मोजणारा मायक्रोअॅमीटर शाळेत एकच होता, शून्य ते शंभरचा. काकींच्या जुन्या लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळून मास्तर तो स्वतःच्या कपाटात ठेवत. रेझिस्टन्स न लावता कुणी तो थेट सेलला जोडायला गेलं, की मास्तर असे ओरडायचे की जणू कुणी विहिरीत पडलंय. मी एकदा चिडवलं, "मास्तर, इतक्याशा प्रवाहाचा उपयोग तरी काय?" ते भडकले. "बाईनू, जेवणात हिंग कितको घालतत? घालू नकात बगूया!" त्या दिवशी काकींनी खरंच बिनहिंगाची आमटी केली, आणि मी मुकाट्यानं जेवले.

काकींना मूल नव्हतं. पण गावात मूल झालं, की त्याला न्हाऊ घालायला काकीच लागायच्या. पाटावर बसून पाय पसरायचे, पोराला पायांवर पालथं घालायचं, कोमट खोबरेल जिरवायचं आणि मग ऊन पाणी. आधी टाहो फोडणारं पोर दहा मिनिटांत तिथंच झोपी जायचं. कुणाचं नाक चाफेकळी निघालं तर ते काकींच्या चिमटीमुळे आणि कुणाचं बसकं राहिलं तर ते बापावर गेलं, असा गावाचा हिशेब होता. काकी याचे पैसे घेत नसत. नुसतं कुणी "काकी, पाणी तापलाहा," असं कुंपणावरून ओरडलं, की हातातलं काम टाकून निघायच्या. मी इतकं आनंदानं निघालेलं माणूस दुसरं पाहिलेलं नाही.

एका उन्हाळ्यात काकी विहिरीवर चक्कर येऊन पडल्या. मग चुलीपाशी, मग देवळात. नाडी मिनिटाला पस्तीसवर आलेली. कणकवलीच्या डॉक्टरांनी तडक मुंबईला पाठवलं, आणि तिथं काकींच्या खांद्याखाली, कातडीच्या आत, हृदयाला ठोके देणारी बॅटरी बसवली. मास्तरांनी तिथल्या डॉक्टरांना छळून छळून विचारून घेतलं. ही बॅटरी वर्षानुवर्षं चालते कशी? तर तिच्यातून वाहतो सरासरी पंधरा-वीस मायक्रोअँपिअर. बस्स!

महिन्याभरानं दोघं परत आली. एसटीतून उतरल्या उतरल्या, सामान अजून टपावर असताना, मास्तर स्टँडवर मोठ्यानं सांगत सुटले, "अरे, मायक्रोअँपिअर माझ्या घराकडे इलो! हिच्या काळजाक आता करंट आसा करंट!" जो भेटेल त्याला तेच. पानवाल्याला, पोस्टमनला, मासे घेऊन येणाऱ्या शेवंतीला. आनंदानं वेडा झाला होता तो माणूस. आणि मीही वेडीच, पुढचं काही न ओळखता बाजूला उभी राहून हसत होते.

कारण गावात वीज येऊन फार वर्षं झाली नव्हती. पावसात तार तुटून शेवंतीचीच दुभती म्हैस जागच्या जागी गेली होती, ते सगळ्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं. करंट म्हणजे काय, हे गावाला मास्तरांपेक्षा म्हशीनं जास्त चांगलं शिकवलं होतं. चार दिवसांत हळदीकुंकवाला काकींना लांबूनच कुंकू मिळू लागलं. शेवंती मासे हातात द्यायची, ते केळीच्या पानावर ठेवून मागे सरकू लागली. आणि कुंपणावरून येणारी ती हाक बंद झाली. त्या महिन्यात गावात तीन बाळंतिणी होत्या.

एकदा तांदूळ निवडता निवडता काकी म्हणाल्या, "जगलंय खरी. पण कोण पोराक हात लावूक देना नाय, मगे जगान काय करू?" मास्तर दाराशी उभे होते. त्यांचा चेहरा असा पडला, की मला बघवेना.

पुढच्या रविवारी त्यांनी अंगणात बायकांना चहाला बोलावलं. तुळशीपुढे स्टूल, स्टुलावर एक साधा टॉर्चचा सेल, लुगड्यातून सोडवलेला मायक्रोअॅमीटर आणि दोन तारा. "एक तार ह्या बोटात, एक त्या. घाबरू नकात. आधी बाई धरतीत." धरल्या की मी! मी शिकलेली, सांगलीची, शास्त्र मानणारी. सुई हलकेच उठली आणि पंधरावर थांबली. "बगा! काकीच्या बॅटरीतून इतकोच जाता. बाईनू, काय लागला?" "काही नाही हो," मी झोकात म्हटलं. मग एकेक करून सगळ्यांनी धरल्या. शेवंतीचे हात खाऱ्या पाण्यानं ओले, तिच्या हातात सुई पन्नासच्या पुढे गेली आणि एकच हशा पिकला. चहा झाला, खाजा झाला, माना डोलल्या. सगळ्या हसत घरी गेल्या.

आणि आठव्या दिवशी शेवंतीची सून बाळंत झाली, तेव्हा न्हाऊ घालायला पलीकडच्या गावातली बाई आणली.

मास्तर त्या संध्याकाळी मांडीवर मायक्रोअॅमीटर घेऊन बसले होते. मला म्हणाले, "चुकलंय मी, बाईनू. मोजून दाखवलंय. मोजून भिती जाता काय?" मी गावातल्या बायकांना मनसोक्त नावं ठेवली. अडाणी म्हटलं, आणखी काय काय म्हटलं. मास्तरांनी मायक्रोअॅमीटर परत लुगड्यात गुंडाळला.

पुढच्या वर्षी माझं लग्न झालं. नवरा कणकवलीला नोकरीला, मी शाळेत. दिवस गेले तेव्हा काकींनी बजावलं, "तुका आवस नाय, पण म्हायार आसा." बाळंतपण मालवणला झालं, मुलगी झाली आणि पाचव्या दिवशी मी तिला घेऊन त्याच घरी आले. काकींनी सकाळपासून पाणी तापवलं होतं. पाटावर बसल्या, पदर खोचला, पाय पसरले आणि दोन्ही हात माझ्यापुढे केले.

आणि मी मागे सरले. मी! तारा पहिल्यांदा धरणारी मी. मुलीला छातीशी घट्ट धरून एक पाऊल मागे. त्या क्षणी मला ना अँपिअर कळत होता ना मायक्रोअँपिअर. काकींनी हात खाली घेतले. माझ्याकडे न बघता घंगाळात बोट बुडवलं आणि म्हणाल्या, "ऱ्हवांदे गो. पाणी जरा कढत आसा. निवांदे." माझ्यासाठी सबब शोधली हो त्यांनी! मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. रडत रडत मुलीला त्यांच्या पायांवर ठेवलं. मास्तर चुलीपाशी लाकडं सारत होते. त्यांनी मान वर केली नाही.

मुलीनं असा टाहो फोडला, की शेवंती कुंपणाशी धावली. तिथं उभी राहून तिनं सगळी अंघोळ पाहिली, अगदी बाळ झोपेपर्यंत. दुसऱ्या दिवशीही आली. तिसऱ्या दिवशी कडेवर धाकटा, तान्हा नातू होता, आणि तो तिनं सरळ काकींच्या ओटीत टाकला. नंतर गावातली किती मुलं काकींच्या पायांवर न्हाली, ते मोजायला मी तिथं नव्हते. माझी बदली झाली.

पुढे काही वर्षांनी काकी गेल्या, त्या साध्या तापानं. बॅटरी शेवटपर्यंत चालू होती. मी भेटायला गेले तेव्हा मास्तर खूपच वाळले होते, आणि एवढ्या वेळात त्यांच्या तोंडून एकदाही मायक्रो आला नाही. इतकी वर्षं मनात सलत होतं, ते मी त्यांना सांगून टाकलं. "मास्तर, त्या दिवशी मी मागे सरले होते."

"म्हायत आसा," ते म्हणाले. "तिणाव बगलेला." मग त्यांनी पडवीकडे बोट केलं. "बाईनू, मुंबयसून इल्यार आठ दिवस मी भायर पडवेत निजलंय. तुमका वाटला आसतला, तिका आराम."

मला तसंच वाटलं होतं.

"माका सगळा म्हायत. पंधरा मायक्रोअँपिअर. गावाक सांगत फिरलंय आणि स्वतः हात लावूक भियालंय. नवव्या दिवशी सकाळी तीच पडवेत इली. माझो हात धरलो नि आपल्या काळजार ठेवलो. म्हणाली, मोज आता."

"मग?"

मास्तरांनी आपला उजवा हात मांडीवर उघडा ठेवला आणि त्याच्याकडे बघत राहिले.

"खंयचा मोजतंय," ते म्हणाले. "रडलंय."