उजेड कुठे आहे ते बघणारी इनेस

इनेस गेली.

सिनेमात कितीतरी नवरे पुरलेल्या या बाईचं खरं लग्न मात्र एकदाही झालं नाही.

आज तिचं फ्युनरल होतं. माझ्या लेकीनं, मीरानं, हे फेसबुक उघडून दिलंय. आजवर फक्त नातवंडांचे फोटो बघायचे. आज पहिल्यांदाच लिहायला बसलेय.

इनेस स्पेनची. तरुणपणी माद्रिदच्या स्टुडिओत ब्लॅक अँड व्हाइट सिनेमांत कामं करायची. उंच, हाडकुळी, डोळ्यांखाली जन्माच्या सावल्या. तो चेहरा बघून विशीतच तिला काळे कपडे चढवले, ते कायमचे.

हिरॉइनची विधवा बहीण. विधवा शेजारीण. विधवा मास्तरीण.

पोस्टरवर नाव कधीच आलं नाही. रंगीत सिनेमे आले तशी कामं आटली. मग ती इंग्लंडला आली आणि इथल्या हॉस्पिटलच्या किचनमध्ये लागली.

हे त्याच हॉस्पिटलात डॉक्टर. एकदा घरी येऊन म्हणाले, "अगं, आमच्याकडे कस्टर्ड वाढायला फिल्मस्टार आहे!"

मी म्हटलं, "तरीच हल्ली डबा अर्धा परत येतो."

मग ती रविवारी आमच्याकडे जेवायला यायला लागली. येताना पर्समधून आपल्या सिनेमाची कॅसेट आणायची. टेप मध्येच थांबवायची.

"ती बघा, मी."

"कुठे?"

"मागे. खांबाजवळ."

हे चष्मा पुसून म्हणायचे, "खांबानं काम छान केलंय."

"डॉक्टर, खांबाशी निदान हिरॉइन बोलते तरी. माझ्याशी तेवढंही नाही."

तिला डायरेक्टर सांगायचे म्हणे, तू रड, पण आवाज काढू नकोस. आवाज हिरॉइनचा.

हे सगळं ती हसत सांगायची. चरचरीत फोडणीचं वरण ओरपत.

मग हे गेले.

माणसं आली, डबे आले, माणसं गेली. मीराला कामावर जावंच लागलं. मी पडदे ओढून सोफ्याच्या कोपऱ्यात बसायला लागले. दिवसच्या दिवस. फोनही घेत नसे.

एका दुपारी इनेस आली. दारात कमरेवर हात ठेवून उभी.

"हे काय चाललंय?"

"काय?"

"तिथे कुणी बसतं का? उजेड कुठे, तू कुठे!"

तिनं सरळ पडदे उघडले. माझी खुर्ची फरफटत खिडकीशी नेली.

"इथे बस. रड, नाहीतर चहा पी. पण दिसली पाहिजेस. अंधारात बसलेली विधवा कुणाला दिसत नाही, हे मला विचार."

मला संताप आला. "हा सिनेमा नाहीये, इनेस."

"माहितेय. सिनेमात 'कट' म्हणायला माणूस असतो. मग आपण उठतो, सँडविच खातो. इथे तुझं तुलाच उठायचंय."

बसले तिथे. काय करणार, खुर्चीच तिथे होती.

पोस्टमन जाताना हात हलवून गेला. दुसऱ्या दिवशी मीही हलवला. पुढे एकदा त्याच खिडकीतून स्वच्छ ऊन दिसलं आणि मी कोट चढवून लायब्ररीत गेले.

माझी शाळा मॅट्रिकला संपली. पुढचं सगळं लायब्ररीनं शिकवलं. तिथून जुन्या स्पॅनिश सिनेमावरचं एक जाडजूड पुस्तक आणलं. शेवटच्या पानांवरच्या नावांच्या यादीत इनेस नव्हती. पण एका फोटोत हिरॉइन ढसाढसा रडतेय आणि तिच्या खांद्यामागे अर्धा चेहरा. त्या सावल्या मी लगेच ओळखल्या. फोटोखाली नाव फक्त हिरॉइनचं.

तिला दाखवलं. वाटलं, वाईट वाटेल.

तिनं पुस्तक खिडकीकडे धरलं. "अर्धा तर अर्धा. पण बघ, उजेड कुणावर आहे!"

खरंच. तिच्यावर होता.

तिचं इथे कुणी नातेवाईक नव्हतं. म्हणून आज पहिल्या बाकावर मी बसले, शेजारी मीरा. मी अंजिरी साडी नेसले होते. तिनं बजावून ठेवलं होतं, "माझ्या वेळी काळं घालायचं नाही. तुमच्या सगळ्यांच्या वाटचं मी घालून झालंय."

पाद्रीबाबा चांगलं बोलले. हॉस्पिटलच्या किचनमध्ये इतकी वर्षं सेवा, कष्टाळू, वक्तशीर. सगळं खरं. पण सिनेमाचा एक शब्द नाही.

वाटलं, आता शवपेटीपुढचा पडदा सरकेल आणि ही बाई पुन्हा मागे राहील.

"एनीवन एल्स?" त्यांनी विचारलं.

मीरानं माझा हात दाबला. "आई, तू बोलणार?"

उठले. माझं इंग्लिश जसं आहे तसं. म्हटलं, शी वॉज ॲन ॲक्ट्रेस. मग खांबाचं सांगितलं. माणसं हसली. मग खुर्चीचं सांगितलं. कुणी हसलं नाही.

बाहेर किचनमधली तिची जुनी मैत्रीण मला म्हणाली, "ती सांगायची खरं. आम्हाला वाटायचं, चेष्टा करतेय."

सोबतचा फोटो मीरानं गेल्या उन्हाळ्यात काढलाय. खिडकीतल्या खुर्चीत मी आहे. "पुढे ये गं" म्हटलं, तरी ती सवयीनं मागेच जाऊन उभी राहिली.

पण उजेड बघा कुणावर आहे.

या फोटोखाली नाव मी लिहिते.

इनेस. अभिनेत्री.

नीट जा गं, बाई.