सही शूटिंगवाल्याची, रडणं तिचं

मैत्रिणींनो आणि ग्रुपवरच्या सगळ्यांनो, आज मला माझ्या कामाची लाज वाटली.

मी टीव्हीच्या वाहिन्यांना जुनं चित्रीकरण शोधून देते आणि ते वापरायची परवानगी मिळवते. मागे कुरुंदवाडच्या एका लग्नाच्या शूटिंगवाल्याकडून पुराची कॅसेट मिळाली होती. तिच्यात नावेत बसून हंबरडा फोडणारी एक बाई आहे. आता राज्यात कुठंही पूर आला, की बातम्यांत तीच दिसते.

आज दुपारी ती बाई त्या शूटिंगवाल्याला घेऊन कोल्हापुरात माझ्या घरी आली.

"ताई, तुमीच दावलंसा न्हवं मला टीव्हीवर? डोस्क्यावर पदर न्हाय, काय न्हाय. त्या दिवशी आमचं मालक वाहून गेल्यालं. आता नातवाला शाळंत पोरं 'रडक्या म्हातारीचा' म्हणून चिडिवत्यात. बंद करा की ते!"

"मावशी, यांनी सही दिलीय."

"ह्यानं? ह्यो कवा रडला?"

मी तिच्यासमोरच वाहिनीला फोन लावला. तिथल्या बाई म्हणाल्या, "मॅडम, कागद क्लिअर आहेत. एवढा इमोशनल शॉट दुसरा नाही आमच्याकडे."

कागद क्लिअर असणारच. 'कायमस्वरूपी, कितीही वेळा' हे शब्द मीच त्यात घातले होते. नावेतली ती बाई कोण, हे विचारायचं मात्र मला सुचलं नव्हतं.

जाताना तिनं विचारलं, "मी मेल्यावर तरी थांबंल न्हवं?"

मला 'हो' म्हणता आलं नाही. तुम्ही काय म्हणाला असता?