जावेचा उजवा पाय

९ जुलै. उद्या अड्याळला गावोगावच्या आशा सेविकांचा वर्ग घ्यायचा आहे, म्हणून तळपायाचा तक्ता काढायला बसले आहे. चार थर, चार रंग. पहिला थर लाल रंगवून झाला. दुसऱ्याला निळी पेन्सिल लावली आणि हात थांबला. आता जे लिहिणार आहे ते मी आजवर कोणालाही सांगितलेलं नाही — नवऱ्याला नाही, आईला नाही. तुम्ही अनोळखी आहात म्हणून तुम्हाला सांगणं सोपं जातंय असं समजू नका. जात नाहीये.

मी कुष्ठरोग तंत्रज्ञ आहे. बावीस वर्षं लोकांचे पाय मांडीवर घेऊन तपासते. पाय म्हटला की लोक पोटरी बघतात, कारण ती दिसते. तळव्यातले बारीक स्नायू कोण बघतं? या दुसऱ्या थरात चार आहेत, गांडुळाएवढे. चालताना बोटं सरळ ठेवून जमिनीवर टेकवायची, एवढंच त्यांचं काम. कुष्ठरोगानं घोट्यामागची नस सुजली की हे वाळायला लागतात. मग पोटरीतून येणाऱ्या लांब दोऱ्या बोटांना ओढत राहतात, बोटं पंजासारखी वाकतात आणि अंगाचा भार त्यांच्या मुळाशी येतो. तळवा बधिर, त्यामुळे काटा रुतला तरी कळत नाही. नस नुकतीच बिघडली असेल, सहा महिन्यांच्या आत असेल, तर गोळ्यांनी बऱ्याचदा वाचते. त्यानंतर फारशी आशा नसते.

हे सगळं मला तेव्हाही येत होतं. अजाणतेपणी झालं, असं म्हणायची सोय माझ्यासाठी नाही.

माझी मोठी जाऊ आसगावला राहते. तेव्हा आम्ही सगळे तिथेच, एका घरात होतो. मी या नोकरीला लागले त्या आठवड्यात तिनं माझा पाण्याचा गडवा वेगळा काढला. सगळ्यांसमोर म्हणाली, "दिवसभर महारोग्याइचे पाय चिवडते आन् येऊन कणकेत हात घालते? माह्या चुलीपाशी येऊ नोको वं." तेव्हापासून सणाच्या स्वयंपाकाला मला अंगणातच बसवायची, भाजी निवडायला. तीही धुऊन घ्यायची, दोनदा. पुतणीच्या हळदीला मी पुढं झाले तर हळदीची वाटी उचलून बाजूला ठेवली. बायका हसल्या. अकरा वर्षं हे चाललं. मी तिचा द्वेष करत होते — आजही करते. या कागदावर मी काही मऊ होणार नाही.

मग ते रोवण्याचे, भातलावणीचे दिवस आले. घरचा धान, म्हणून मीही सुट्टी टाकून चिखलाच्या बांधीत उतरले होते. संध्याकाळी आम्ही पाचसहा जणी शेताच्या धुऱ्यावरून रस्त्याला लागलो. बरंच चालून आल्यावर एकीनं हसत विचारलं, "अवं बाई, एक चप्पल कोणाले देऊन आली?" जावेच्या डाव्या पायात चप्पल होती, उजव्यात नव्हती. कधी निसटली ते तिला माहीत नव्हतं. डांबराच्या रस्त्यावर, गिट्टीवरून, ती एका अनवाणी पायानं चालत आली होती आणि तिला पत्ता नव्हता. बाकीच्या खोखो हसत होत्या, "भाऊजीची आठवण येऊन राहिली वाट्टे!" मी हसले नाही. मला त्याच क्षणी कळलं.

घरी तिनं पाय धुतला. मी लांबून पाहिलं. बोटं वाकलेली, आणि अंगठ्याच्या आतल्या कडेला जिथं मांस भरलेलं असतं तिथं खड्डा. आणि मग — हेच सांगायला मी इतकी फिरून आले — मग तिनं मला हाक मारली. अकरा वर्षांत पहिल्यांदा तिनं तिच्या अंगाला माझा हात लागू दिला. पाय पुढं करून म्हणाली, "पाह्य वं, तुले समजते ना? दोन महिने झाले, बोटं अशी काऊन वाकडी होऊन राहिली?"

दोन महिने. म्हणजे वेळ होता. मी घोट्यामागं बोट फिरवलं. नस दोरीसारखी जाड लागली. मी म्हणाले, "चिखल्या हायत. मेंदी वाटून लावा."

खोटं बोलताना माझा आवाज हलला नाही. काय वाटलं? बरं वाटलं. गार पाणी प्याल्यासारखं.

आता तुम्ही म्हणाल, खरं सांगितलं असतं तर तिनं रोग तूच आणलास म्हणून गावभर केलं असतं. केलंच असतं. पण मी त्या भीतीनं गप्प बसले नाही. भीती नंतर सुचली, कारण म्हणून. तेव्हा माझ्या मनात एकच वाक्य होतं — आता तुझा गडवा कोण वेगळा काढतं ते बघू.

तिनं मेंदी लावली. रोज. इतकी इमानदारीनं तिनं माझं दुसरं काही कधी ऐकलं नाही. पोळा झाला, दसरा झाला, दिवाळीला तिचे तळवे नवरीसारखे लाल होते. रोज संध्याकाळी ते तळवे माझ्या डोळ्यांसमोर होते आणि रोज सकाळी मी परगावच्या लोकांच्या घोट्यामागच्या नसा चाचपायला जात होते. एक वाक्य पुरलं असतं. पाच महिने मी ते बोलले नाही. धान कापणीनंतर तळव्याला भोक पडलं, पू आला, तेव्हा माझ्या एका सहकाऱ्यानं निदान केलं. नस गेली होती. पुढच्या वर्षी दोन बोटं कापावी लागली. जखम अजून वर्षातून दोनदा उघडते.

आणि ती म्हणतेच, "हिनंच आणला घरात." मी दर वेळी तिला सगळ्यांसमोर गप्प करते — बारा महिने गोळ्या घेतलेल्याकडून रोग लागत नाही, बाई, शिका थोडं. दर वेळी मी बरोबर असते. लोक माझ्या बाजूनं मान डोलावतात. दर रविवारी मी, आता राहते त्या पवनीहून जाऊन, तिचं ड्रेसिंग करते, तेव्हा गावातल्या बाया मला, धाकट्या जावेला, बघून म्हणतात, देरानी असावी तर अशी. हे ऐकून घ्यायला मला कधीच जड गेलं नाही. हे सगळ्यात वाईट आहे की ते आधीचं? मला ठरवता येत नाही.

निळा रंग भरून टाकला. हिरवा आणि पिवळा उरलाय.

१० जुलै. सकाळी आधी आसगावला गेले. ती ओसरीत बसली होती. तिचा पाय मांडीवर घेतला, जुनी पट्टी सोडली आणि सांगितलं, "बाई, त्या रोवण्यात चिखल्या नव्हत्या. मले त्याच दिवशी समजलं होतं. मी खोटं बोलली."

तिनं विचारलं, "आखीन कोणाले मालूम हाय?"

"कोणालेच नाई."

तिनं पाय ओढून घेतला. माझ्या हातातली पट्टी घेतली आणि स्वतःच गुंडाळायला लागली. फार घट्ट गुंडाळत होती. मी तसं म्हणाले. "चाल नीघ," ती म्हणाली.

फाटकाबाहेर येऊन मी उपकेंद्रातल्या सिस्टरला फोन केला — पट्टी आजच सैल करून ये, आणि रविवारपासून हिचं ड्रेसिंग तू कर, माझ्याकडून ती करून घेणार नाही. "काऊन ताई, का झालं?" तिनं विचारलं.

तिलाही सांगितलं.